गोदीविना दुरुस्ती

धर्मशास्त्राच्या पदव्युत्तर अभ्यासक्रमात शेवटी प्रबंध असतो, आणि प्रबंधाआधी आराखडा मंजूर करून घ्यावा लागतो. माझ्या आराखड्याचं शीर्षक होतं 'उत्तर-आधुनिक काळातलं ख्रिस्ती धर्मशास्त्र आणि विवेकनिष्ठा'. मार्गदर्शक मॅडमनी ते वाचलं आणि म्हणाल्या, "एवढ्यात अख्खं ग्रंथालय मावेल. तुला भांडायचंय कोणाशी ते सांग. एक माणूस आण, त्याचं एक वाक्य आण. बाकी नंतर बघू."

मी विल्यम क्लिफर्डला निवडलं. मी मुळात संख्याशास्त्राचा, आणि क्लिफर्ड गणिती, त्यामुळे जरा आपलेपणाही वाटला असेल. विश्वास ठेवण्याच्या नीतीवर त्याने १८७७ साली एक निबंध छापला. त्याचा मथितार्थ एका वाक्यात येतो: पुरेशा पुराव्याशिवाय कशावरही विश्वास ठेवणं हे नेहमी, सर्वत्र आणि प्रत्येकासाठी गैर आहे. हे वाक्य मला मनापासून पटत होतं आणि मी रोज प्रार्थनाही करत होतो. दोन्ही गोष्टी एका डोक्यात कशा नांदतात, एवढाच माझा मूळ प्रश्न. उत्तर-आधुनिकता त्यात मागाहून आली.

निबंधाची सुरुवात एका जहाजमालकापासून होते. जहाज जुनं, वारंवार डागडुजी झालेलं. त्यातून परदेशी वस्तीला जाणारी कुटुंबं निघणार आहेत. मालकाच्या मनात येतं, एकदा पूर्ण तपासणी करून घ्यावी. पण ते खर्चाचं काम. मग तो स्वतःची समजूत घालतो. आजवर इतक्या सफरी सुखरूप झाल्या, हीही होईल. शिवाय एवढ्या गरीब कुटुंबांना परमेश्वर थोडाच वाऱ्यावर सोडेल? बघता बघता त्याला खरोखरच खात्री वाटू लागते. जहाज भर समुद्रात बुडतं, आणि तो विम्याचे पैसे घेऊन गप्प बसतो. खरी गोम पुढे आहे. क्लिफर्ड म्हणतो, जहाज सुखरूप पोचलं असतं तरी मालक तितकाच दोषी. त्याचा विश्वास खरा ठरला की खोटा, हा मुद्दाच नाही. समोर जो पुरावा होता त्यावरून तसा विश्वास ठेवण्याचा त्याला अधिकार होता का, हा मुद्दा आहे.

हे त्याने नुसतं खुर्चीत बसून लिहिलेलं नाही. १८७० साली सूर्यग्रहणाच्या निरीक्षणासाठी निघालेलं त्याचं स्वतःचं जहाज सिसिलीच्या किनाऱ्याजवळ फुटलं होतं. तो वाचला, पुढे १८७९ साली, अवघ्या तेहतिसाव्या वर्षी क्षयाने गेला. आणि गोष्टीतल्या मालकाच्या तोंडी त्याने परमेश्वराचं नाव घातलं ते काही सहज नव्हे. ते माझ्यासारख्यांसाठीच होतं.

मॅडमची पुढची अट अशी की उत्तर-आधुनिकांकडे वळण्याआधी आधुनिकांची बाजू त्यांनाही मान्य होईल अशी मांडायची. त्यामुळे आधी देकार्त आणि लॉक हे दोन तत्त्वज्ञ. शंका घेता येईल ते सगळं बाजूला सारायचं, मग जे हलत नाही त्यावर ज्ञानाची इमारत रचायची, हा १६४१ मधला देकार्तचा बेत. लॉकने तर १६९५ साली ख्रिस्ती धर्म कसा बुद्धीला धरून आहे हे दाखवायला स्वतंत्र ग्रंथच लिहिला. अभ्यासात याला पायावाद म्हणतात. स्वयंसिद्ध असेल, इंद्रियांना थेट दिसत असेल किंवा ज्याबद्दल चूक होणंच शक्य नाही असं काही असेल, तर ते पायात. बाकी सगळं त्यावर तोललेलं हवं.

या टप्प्यावर एक गोष्ट मला नव्याने कळली. ती तत्त्वज्ञ नॅन्सी मर्फी यांनी १९९६ साली मांडलेली आहे. उदारमतवादी आणि मूलतत्त्ववादी ख्रिस्ती एकमेकांचं तोंड बघत नाहीत, पण दोघांची ज्ञानमीमांसा, म्हणजे ज्ञान कशावर उभं असतं याची कल्पना, सख्खी भावंडं शोभावीत अशी. उदारमतवाद्यांच्या श्लायरमाखरने पायात मानवाचा धार्मिक अनुभव घातला. दुसऱ्या बाजूच्या, प्रिन्स्टनच्या चार्ल्स हॉजने पवित्र शास्त्र घातलं. त्याच्या मते निसर्ग जसा वैज्ञानिकाला तथ्यांचं भांडार, तसं बायबल धर्मशास्त्रज्ञाला. भांडण फक्त पायात काय घालायचं याचं. पाया हवाच, याबद्दल दोघांचं एकमत.

मग हा पाया उखडतो कसा? इथे अमेरिकन तत्त्वज्ञ ॲल्व्हिन प्लँटिंगा. त्याने १९८३ मध्ये दाखवलेली गोष्ट इतकी साधी आहे की मी ती तीनदा तपासली. 'पायातल्या किंवा पायावर आधारलेल्या गोष्टींवरच विश्वास ठेवणं विवेकाला धरून आहे' हा नियम घ्या. तो स्वयंसिद्ध आहे? नाही. इंद्रियांना दिसतो? नाही. त्याबद्दल चूक अशक्य आहे? तसंही नाही. बरं, अशा गोष्टींवरून तो कोणी सिद्ध केलाय? तोही नाही. म्हणजे नियम स्वतःच्याच परीक्षेत नापास. शिवाय काल संध्याकाळी मी फिरायला गेलो होतो हे मला आठवतं, समोरच्या माणसालाही मन आहे असं मी धरून चालतो. यातलं काहीच मी पुराव्यावरून काढलेलं नसतं, आणि तरी मला कोणी अविवेकी म्हणत नाही. मग देवावरचा विश्वासही असाच मूलभूत का असू नये?

चर्चासत्रात मी हे मांडलं तेव्हा वर्गातले एक पाळक खूश झाले. आमच्यातच एक वकिली सोडून आलेल्या ताई होत्या, त्या मात्र म्हणाल्या, "आरोपीविरुद्धचं कलम रद्द झालं म्हणून तो निर्दोष आहे असं सिद्ध होत नाही. आणि याच कलमावर उद्या कोणीही सुटेल." हाच आक्षेप प्लँटिंगाने स्वतःवर आधीच घेतला होता. एका व्यंगचित्रमालिकेतला मुलगा दर वर्षी महाभोपळ्याच्या दर्शनाची वाट बघत बसतो. मग त्याचाही विश्वास मूलभूत मानायचा का? प्लँटिंगाचं म्हणणं, नाही. मूलभूत काय मानावं याचे निकष प्रत्येक समुदाय आपल्याकडच्या उदाहरणांवरून ठरवत जातो. पण भोपळ्याचे भक्त एकत्र येऊन समुदाय झाले तर? २००० साली आलेल्या त्याच्या मोठ्या ग्रंथाच्या शेवटी तो प्रांजळपणे थांबतो: ख्रिस्ती श्रद्धा खरी असेल तर ती रास्तही असण्याचा संभव मोठा, ती खरी आहे का, हे तत्त्वज्ञानाच्या हातात नाही. मला त्या प्रामाणिकपणाचं कौतुक वाटलं. समाधान झालं नाही.

फ्रेंच तत्त्वज्ञ ल्योतारचा १९७९ चा अहवाल वाचायला घेतला तेव्हा वर्गात वातावरण जरा सणासारखंच होतं. महाकथनांवरचा, म्हणजे सगळ्याचा अर्थ लावू पाहणाऱ्या मोठ्या कथांवरचा विश्वास उडणं म्हणजे उत्तर-आधुनिकता, हे त्याचं वाक्य सगळ्यांना पाठ. अहवाल वाचलेले कमी. मुळात तो क्वेबेक सरकारच्या विद्यापीठ परिषदेसाठी लिहिलेला, ज्ञानाच्या स्थितीविषयीचा अहवाल आहे. त्यातली महाकथनं म्हणजे प्रामुख्याने मानवमुक्तीची कथा आणि सर्व ज्ञान अखेर एकात सामावतं ही हेगेलच्या वळणाची कथा. विज्ञान स्वतःला प्रतिष्ठा मिळवून देण्यासाठी अशा कथांचा आधार घेतं आणि ते कबूल करत नाही, ही त्याची तक्रार. हे कळल्यावर पाळक म्हणाले, "म्हणजे बाण आपल्यावर नव्हताच! उलट त्यांचा तटस्थ विवेकच पडला. आता आपली कथा आपण मोकळेपणाने सांगायची."

हा मोकळेपणा मला पहिल्यापासून खुपत होता. पुढे १९८६ च्या एका पुस्तकात ल्योतारने महाकथनांची यादी पुन्हा दिली, त्यात ख्रिस्ती धर्मालाही आधुनिकतेत धरायचं झाल्यास हुतात्मा प्रेमाच्या कथेने होणारं आत्म्यांचं तारणही बसवलं. बाण आपल्यावरही होता, थोडा उशिरा सुटला इतकंच. मी ते पान चर्चासत्रात वाचून दाखवलं. पाळक म्हणाले, "बरं, मग?" आणि खरंच, मग काय? कोणी यादीत घातलं म्हणून गोष्ट खोटी ठरत नाही, आणि यादीत नव्हती तेव्हा खरी ठरलेली नव्हती.

त्यानंतरचे काही महिने धर्मशास्त्रज्ञ जॉर्ज लिंडबेकमध्ये गेले. संपूर्ण अभ्यासातला सर्वांत मोहात पाडणारा लेखक तोच. लुथरन मिशनऱ्यांचा मुलगा, चीनमध्ये जन्मलेला, कॅथलिक चर्चच्या दुसऱ्या व्हॅटिकन परिषदेत निरीक्षक. त्याला एक खरं कोडं पडलं होतं. कॅथलिक आणि लुथरन चारशे वर्षं ज्या सिद्धांतांवरून भांडले, त्यांवर संवादात दोघांचं जुळत होतं, आणि तरी दोघं म्हणत होते, आम्ही आमचं काही सोडलेलं नाही. हे शक्य कसं? १९८४ मधलं त्याचं उत्तर असं की सिद्धांत भाषेच्या व्याकरणासारखे असतात. ते देवाबद्दल थेट माहिती देत नाहीत, देवाबद्दल कसं बोलायचं याचे नियम घालून देतात. धर्म ही आतून शिकायची, आचरायची भाषा. विवेकही या भाषेत मुरलेल्याचं कौशल्य, कुठल्या त्रयस्थ न्यायाधीशाचा निकाल नव्हे.

त्याचं एक उदाहरण मी कधी विसरणार नाही. काफराचं डोकं फोडताना एक क्रूसयोद्धा ओरडतो, 'ख्रिस्त प्रभू आहे!' लिंडबेक म्हणतो, या तोंडून, या कृतीसोबत, हे वाक्य खोटं आहे. कारण ख्रिस्ताचं प्रभुत्व म्हणजे काय हे ज्या कथेतून कळतं, त्या कथेत तो दुःख सोसणारा सेवक आहे. मी हे वाचून पुस्तक मिटलं आणि बराच वेळ फिरत राहिलो. सत्य आणि जगणं इतकं घट्ट बांधलेलं मी कुठे पाहिलं नव्हतं. विवेकाची कसोटी पुराव्याच्या कागदावर नसून माणसाच्या हातात काय आहे यावर. तलवार आहे की आणखी काही.

मॅडमनी माझं लिंडबेकवरचं प्रकरण परत पाठवलं. समासात ख्रिस्ताच्या मरणातून उठण्याबद्दल एकच प्रश्न: "आणि मग पुनरुत्थान?"

प्रश्न वर्मी लागणारा होता. पिता, पुत्र आणि पवित्र आत्मा मिळून एकच देव, हा त्रैक्याचा सिद्धांत व्याकरण मानता येईल. पण तिसऱ्या दिवशी कबर रिकामी होती की नव्हती, याचं उत्तर व्याकरण देत नाही. प्रेषित पौलानेच ही पळवाट बुजवून ठेवली आहे. करिंथकरांस लिहिलेल्या पहिल्या पत्राच्या पंधराव्या अध्यायात तो स्पष्ट म्हणतो की ख्रिस्त उठला नसेल तर आमचा उपदेश व्यर्थ आणि तुमचा विश्वासही व्यर्थ. त्याच्या थोडं आधी तो साक्षीदारांची नावनिशी देतो: केफा म्हणजे पेत्र, बारा जण, मग एकाच वेळी पाचशेहून अधिक बंधू, ज्यांतले बहुतेक अजून हयात आहेत. हयात आहेत हे सांगायची गरज काय होती? जाऊन विचारा, असाच त्याचा रोख दिसतो. हा माणूस आपल्या समुदायाच्या भाषेत सुरक्षित बसलेला नाही.

इथून मी मागे १९१४ कडे गेलो, आणि माझ्या मते प्रबंधातलं सर्वांत जमलेलं प्रकरण तेच. तटस्थ विवेकावरचा विश्वास काही पहिल्यांदा पॅरिसमध्ये उडालेला नाही. पहिल्या महायुद्धाच्या सुरुवातीला जर्मनीतल्या त्र्याण्णव विद्वानांनी जर्मनीच्या युद्धाच्या समर्थनार्थ जाहीरनामा काढला. सह्यांमध्ये आडोल्फ फॉन हारनाक होता, त्या काळच्या ऐतिहासिक-चिकित्सक धर्मशास्त्राचा मुकुटमणी. त्याचा विद्यार्थी कार्ल बार्थ हादरला. सगळी शास्त्रीय चिकित्सा ज्यांनी शिकवली, त्यांना ती चिकित्सा सम्राटापुढे कामी आली नाही. बार्थने पुढे देवाच्या वचनालाच प्रारंभबिंदू मानलं. माणसाच्या अनुभवापासून किंवा इतिहाससंशोधनापासून देवाकडे जाणारा रस्ता नाही, हे त्याचं म्हणणं.

१९२३ साली हारनाकने धर्मशास्त्रातल्या शास्त्रीयतेला तुच्छ लेखणाऱ्यांना उद्देशून पंधरा प्रश्न छापले. बार्थने उत्तर दिलं. बार्थला वाचणारे बहुतेक त्याच्याच बाजूचे असतात, मीही होतो. पण हारनाकचा एक प्रश्न मला आजही सुटत नाही. शुभवर्तमानाच्या केंद्रस्थानी येशू ख्रिस्ताची व्यक्ती असेल, तर तिची सर्वांना तपासता येईल अशी ओळख चिकित्सक अभ्यासाशिवाय कशी होणार? नाहीतर खऱ्या ख्रिस्ताच्या जागी स्वप्नातला ख्रिस्त कधी येऊन बसला हे आपल्याला कळणारही नाही. सही करणारा हारनाक आणि हा प्रश्न विचारणारा हारनाक एकच. सहीमुळे प्रश्न बाद होत नाही. उत्तर-आधुनिक धर्मशास्त्रात ही गल्लत इतकी सर्रास होते की तिला नाव नसावं याचं मला आश्चर्य वाटतं: विवेकाच्या दूताला सत्तेचा बटीक म्हणून पकडलं, की त्याने आणलेला निरोपही फेकून द्यायचा.

मॅडमशी याच काळात झालेल्या एका बैठकीत ओटो नॉयराथ निघाला. व्हिएन्ना मंडळ या तत्त्वज्ञांच्या गटातला हा कट्टर अनुभववादी. त्याला धर्मशास्त्राचं काडीचं प्रेम नव्हतं. त्याची उपमा अशी की आपण सगळे भर समुद्रातले खलाशी, जहाज चालतं ठेवूनच त्याची पुनर्बांधणी करायची. गोदीत नेऊन सगळं खोलून नव्याने बांधायची सोय कधीच मिळत नाही. मॅडम म्हणाल्या, "तुझ्या पहिल्या प्रकरणात एक जहाज आहे. त्याच्या शेजारी हे ठेव."

ठेवलं, आणि प्रबंधाचा कणा सापडला. क्लिफर्डच्या मालकाजवळ गोदी होती. तिथे तपासणी टाळली, म्हणून तो दोषी. नॉयराथच्या खलाशांना गोदी नाही. देकार्तपासूनचा सगळा खटाटोप गोदी बांधण्याचा होता, आणि ती बांधता येत नाही हे विसाव्या शतकात बऱ्यापैकी पटलं. आतापर्यंत ठीक. पण 'गोदी नाही' यावरून आमच्यातल्या कित्येकांनी 'आता तपासणीही नाही' असं काढलं. हे त्यातून निघतच नाही. उलट समुद्रात असलेल्याला कुठली फळी कुजलीय हे अधिक लवकर कळायला हवं, कारण त्याच्या पायाखाली दुसरं काही नाही.

तपासणी कशी करायची, याचा उपलब्ध असलेला सर्वांत चांगला आराखडा तत्त्वज्ञ अलास्डेअर मॅकिंटायरचा, हे माझं मत. १९८८ च्या ग्रंथात तो म्हणतो की विवेक नेहमी कुठल्यातरी परंपरेत रुजलेला असतो, पण म्हणून सगळ्या परंपरा सारख्याच ठरत नाहीत. प्रत्येक परंपरेवर कधीतरी असं संकट येतं की तिचे प्रश्न तिच्याच साधनांनी सुटेनासे होतात. तेव्हा दुसरी परंपरा पहिलीला ते प्रश्न सोडवून दाखवू शकली, आणि पहिलीला ते का सुटत नव्हते हेही सांगू शकली, तर पहिलीने स्वतःच्याच निकषांनी हार मान्य करायला हवी. मध्ययुगीन धर्मशास्त्रज्ञ अक्वायनसने ऑगस्टिनचा वारसा आणि ॲरिस्टॉटल यांना एकत्र आणलं ते त्याचं आवडतं उदाहरण. यात न्यायाधीश बाहेरचा नाही, पण पराभव शक्य आहे. मला तेच हवं होतं.

मौखिक परीक्षेला बाहेरचे परीक्षक तत्त्वज्ञानाचे प्राध्यापक होते, श्रद्धाळू नव्हेत. अतिशय सौजन्याने त्यांनी मला कोपऱ्यात घेतलं. "पराभव शक्य आहे म्हणता. पुनरुत्थानाच्या बाबतीत तो कसा दिसेल? साक्षीदार गेले, कबर कुठली यावर वाद. व्यवहारात तुमचं विधान कोणी खोटं पाडू शकत नाही."

मी जर्मन धर्मशास्त्रज्ञ पानेनबर्गचा आधार घेतला. १९७३ साली त्याने मांडलं की धर्मशास्त्राची विधानं गृहीतकं आहेत, आजच्या अनुभवाचा अर्थ लावून त्यांना आपलं मोल सिद्ध करत राहावं लागतं, आणि अंतिम निकाल इतिहासाच्या शेवटीच लागेल.

"म्हणजे जहाज बंदराला लागलं की कळेल," परीक्षक म्हणाले. "हे तर तुमच्या क्लिफर्डचा मालकही म्हणाला असता."

बाजूला बसलेल्या मॅडम हसल्या. मी म्हणालो, मालकाने वाटेत एकही फळी बदलली नाही. आम्ही बदलल्या आहेत. मग त्यांनी यादी मागितली, तोंडी नको, प्रबंधात. म्हणून शेवटी काही पानं वाढली. गुलामगिरीचं समर्थन करण्याच्या वादातून १८४५ साली स्थापन झालेल्या सदर्न बॅप्टिस्ट कन्व्हेन्शनने १९९५ साली त्याबद्दल जाहीर माफी मागितली. येशूच्या मृत्यूचा दोष सरसकट ज्यूंच्या माथी मारता येणार नाही, हे कॅथलिक चर्चने १९६५ साली दुसऱ्या व्हॅटिकन परिषदेच्या दस्तऐवजात लिहिलं. गॅलिलिओला १६३३ मध्ये शिक्षा झाली, तिच्याबद्दलची चर्चची स्पष्ट कबुली १९९२ साली आली. यादी लिहिताना लाज वाटावी असं एक दिसत गेलं: फळी कुजल्याची ओरड बहुतेक वेळा आधी बाहेरून आली, किंवा आतल्या अशा माणसांकडून जिथे कोणी लक्ष देत नव्हतं. मॅकिंटायरच्या आराखड्यात याला पुरेशी जागा नाही, तेही लिहिलं. हरणाऱ्याने हार मान्य करायची असते, पण गुलामांच्या मालकांनी ती वादात हरून मान्य केली नाही.

परीक्षकांनी प्रबंध मंजूर केला. अहवालात शेरा आहे: 'क्लिफर्डला उत्तर मिळालेलं नाही.' शेरा बरोबर आहे. मात्र त्यानंतर मी क्लिफर्डचा निबंध शेवटापर्यंत पुन्हा वाचला, कोणी सहसा उद्धृत न करणारा तिसरा भाग. तिथे अनुभवापलीकडच्या गोष्टींवर विश्वास ठेवायला तो परवानगी देतो, एका अटीवर: अज्ञात हे ज्ञातासारखंच आहे असं धरून अनुभवावरून काढलेलं अनुमान असायला हवं. या गृहीताचा पुरावा तो देत नाही. देता येणारही नाही, कारण प्रत्येक पुरावा त्यावरच उभा. १८९८ साली जर्मन धर्मशास्त्रज्ञ अर्न्स्ट ट्रोल्चने इतिहाससंशोधनासाठी जवळपास हाच नियम सादृश्याचं तत्त्व म्हणून मांडला, आणि पानेनबर्गचा झगडा नेमका त्याच्याशी आहे. मेलेला माणूस उठला हे विधान ज्ञातासारखं नाही, आणि ते करणाऱ्यांचाही तसा दावा नव्हता. मग सादृश्य हा शोधाला निघतानाचा नियम मानायचा, की शोधाआधीच दिलेला निकाल? क्लिफर्ड आणि मी इथपर्यंत बरोबर येतो, इथे वेगळे होतो. ट्रोल्चचा निबंध सध्या टेबलावर आहे, आणि मॅडमना पुढच्या आठवड्यात त्यावरचं टिपण हवंय.